वाचकांचे प्रश्न : जिना, नळी आणि बंद कुलूप

गेल्या महिन्यात या सदरात सोलापुरातील जुन्या इमारतींची गळती आणि संरचना तपासणी यांविषयी लिहिले होते. त्यावर आलेल्या पत्रांपैकी एका पत्राने विषय फार दूर नेला. ते पत्र नेहमीच्या काही वाचकांना दाखवले, तेव्हा त्यांनीही त्याच धाग्याचे प्रश्न पाठवले. म्हणून या वेळचे संपूर्ण सदर एकाच गोष्टीला दिले आहे : युद्धात मोडलेल्या इमारतीत माणसे पुन्हा शेजारी म्हणून कशी राहू लागतात.

प्रश्न : माझी नात युक्रेनमधील खारकीव येथे वैद्यकीय शिक्षण घेत होती. मार्च २०२२ मध्ये ती ‘ऑपरेशन गंगा’च्या विमानाने परत आली. साल्तिव्का भागातील ज्या नऊ मजली इमारतीत ती भाड्याने राहत असे, तेथील घरमालकीणबाई अजूनही तिला फोटो पाठवतात. निम्म्या खिडक्यांना फळ्या ठोकलेल्या आहेत, एक बाजू धुराने काळी पडली आहे, लिफ्ट बंद आहे. तरीही त्या बाई आणि आणखी पाच-सहा कुटुंबे तेथे राहायला परतली आहेत. अशा घरात माणसे परत का जातात, आणि गेल्यावर त्यांना नेमके काय करावे लागते? आमच्याकडे तर स्लॅब गळू लागला तरी लोक दुसरीकडे भाड्याची जागा पाहतात. (एक निवृत्त शिक्षिका, साखर पेठ, सोलापूर)

उत्तर : आपल्या प्रश्नातील दुसऱ्या भागाचे उत्तर आधी दिले, तर पहिला भाग बराचसा आपोआप सुटतो, म्हणून तसेच करतो. माझे आयुष्य इमारतींच्या दुरुस्तीत गेले आहे. त्यामुळे मला कोणतीही इमारत आधी नळ्या आणि जिने यांच्या रूपातच दिसते, ही माझी खोड समजावी.

साल्तिव्का ही खारकीवमधील सर्वांत मोठी निवासी वसाहत असून ती सोव्हिएत काळात, १९६० च्या दशकापासून बांधली गेली. रशियाची सीमा या शहरापासून जेमतेम ३०-४० किलोमीटरवर आहे, आणि वसाहतीची उत्तरेकडील बाजू त्या सीमेच्या दिशेला असल्यामुळे २०२२ मध्ये तोफांचा मारा प्रथम तिने झेलला. आपल्याकडे आधी खांब आणि तुळया यांचा सांगाडा उभा राहतो आणि नंतर त्यात विटांच्या भिंती भरल्या जातात. तेथील बहुसंख्य इमारतींना असा सांगाडाच नाही. कारखान्यात ओतलेली, खोलीच्या भिंतीएवढी काँक्रीटची पॅनेल आणून ती एकमेकांना जोडलेली असतात आणि भिंत हीच भार पेलते. त्यामुळे गोळा लागून एखादे पॅनेल निखळले, तर केवळ भिंतीला भोक पडत नाही, तर वरच्या घराचा आधार जातो. मात्र अशा लांबलचक इमारतीला चार-सहा स्वतंत्र प्रवेशद्वारे असतात आणि प्रत्येकाला स्वतःचा जिना व स्वतःची लिफ्ट असते. म्हणून एका दारावरचा भाग पाडून टाकावा लागला, तरी शेजारच्या दारावरचा भाग तपासून वापरता येतो. आपल्या नातीने दाखवलेल्या फोटोंत एक बाजू काळी आणि दुसऱ्या बाजूला वाळत घातलेले कपडे दिसत असतील, तर त्याचे कारण हे आहे.

आता नळीकडे येतो. खारकीवच्या हिवाळ्यात पारा शून्याखाली दहा-पंधरा अंशांपर्यंत उतरू शकतो. घरोघरी शेगडी पेटवण्याची तेथे पद्धत नाही. संपूर्ण वस्तीसाठी एका केंद्रात पाणी तापवून ते नळ्यांनी इमारतींत आणले जाते आणि प्रत्येक खोलीतील रेडिएटरमधून फिरवले जाते. जुन्या इमारतींत ही नळी उभी जाते, म्हणजे तळमजल्यापासून नवव्या मजल्यापर्यंत एकावर एक आलेल्या सर्व स्वयंपाकघरांची एक नळी, सर्व झोपण्याच्या खोल्यांची दुसरी. सहाव्या मजल्यावरचा एक रेडिएटर स्फोटाने फुटला असेल, तर ती संपूर्ण उभी रांग पाण्याने भरताच येत नाही. भरली, तर सहाव्यापासून खाली सर्व घरांत पाणी उतरेल. म्हणून चौथ्या मजल्यावर परतलेल्या बाईंना ऊब हवी असेल, तर स्वतःच्या खिडकीला काच बसवून भागत नाही. सहाव्या मजल्यावरचे कुटुंब कोठे गेले, त्यांची किल्ली कोणाकडे आहे, कुलूप तोडायचे झाल्यास संमती कोण देणार, आणि आत गेल्यावर कोणते सामान होते याची नोंद कोण करणार, हे सर्व आधी ठरवावे लागते. परतलेल्या पाच-सहा कुटुंबांपैकी एखाद्या घरात बंद घरांच्या किल्ल्यांचा जुडगा आणि परदेशी गेलेल्यांच्या फोन क्रमांकांची वही नसेल, तर ती इमारत हिवाळ्यात चालणे कठीण आहे.

अशा वेळी वर्तमानपत्रांतून शेजाऱ्यांच्या मायेची वर्णने येतात. माया असेलही; परंतु माझ्या मते तेथे माणसांना एकमेकांच्या दारापर्यंत आधी ती उभी नळी नेते, माया मागाहून येते. चार-पाच दिवसांआड येणाऱ्या पाण्याची वाट पाहणाऱ्या सोलापूरकराला हे वेगळे समजावून सांगायला नको. पाण्याच्या दिवशी पहाटे उठून सामाईक टाकीचा व्हॉल्व्ह फिरवणारा माणूस गावाला गेला, की अपार्टमेंटमधील अबोला धरलेली दोन घरेही एकमेकांना फोन करतात.

परत का जावे, याचे उत्तरही याच व्यवस्थेत आहे. सोव्हिएत संघ मोडल्यानंतर युक्रेनमध्ये १९९२ च्या कायद्याने सरकारी सदनिका त्यात राहणाऱ्यांच्या नावे करून देण्यास सुरुवात झाली. त्यामुळे निवृत्तिवेतनावर जगणाऱ्या वृद्ध बाईंकडे दुसरे काही नसले, तरी दोन खोल्यांचे स्वतःचे घर असते. ते सोडून दुसऱ्या शहरात राहायचे म्हणजे भाडे भरायचे, आणि मागे घर रिकामे ठेवायचे म्हणजे ते एका हिवाळ्यात मरू द्यायचे. कारण नळ्यांत राहिलेले पाणी गोठले, की त्या फुटतात, आणि वसंतात बर्फ वितळू लागले, की ओल छतातून खालपर्यंत उतरते. घरात कोणी राहिले तरच घर टिकते. २०२३ पासून तेथील सरकारने मोडलेल्या घरांच्या दुरुस्तीसाठी मोबाइलवरून अर्ज करून पैसे मिळण्याची योजना सुरू केली. परंतु आपल्या सदनिकेच्या खिडक्या-दारांचा अर्ज आपण करू शकतो. छप्पर, जिना आणि तळघर ही कोणा एकाची नसतात. ज्या इमारतींत रहिवाशांची नोंदणीकृत संघटना आधीपासून चालत होती, तेथे सर्वांच्या वतीने सही करणारा माणूस उपलब्ध होता. जेथे नव्हती, तेथे ती आधी उभी करावी लागते, आणि निम्मे सदस्य तीन-चार देशांत विखुरलेले असताना बैठक भरवणे म्हणजे काय, याची कल्पना आपण करू शकता.

युक्रेनचा हिशेब हे उत्तर लिहीत असताना पूर्ण झालेला नाही. युद्ध संपल्यावर पुढे काय होते हे पाहायचे असेल, तर बोस्नियाच्या सारायेवो या राजधानीकडे जावे लागते. बोस्नियन सर्ब सैन्याने घातलेला तिचा वेढा ५ एप्रिल १९९२ ला सुरू झाला आणि २९ फेब्रुवारी १९९६ ला संपला. हे १,४२५ दिवस होतात. वीज, पाणी आणि गॅस तिन्ही तोडलेले होते. लोक शहरातील बिअर कारखान्याच्या झऱ्यावर डबे घेऊन रांगा लावत आणि त्या रांगांवरही गोळे पडत. फुटलेल्या काचांच्या जागी संयुक्त राष्ट्रांच्या निर्वासित उच्चायुक्तालयाचे प्लॅस्टिक ताणलेले असे. उद्यानांतील झाडे, नंतर घरातील फर्निचर आणि शेवटी पुस्तकेही चुलीत गेली.

विमानतळाला लागून असलेली दोब्रिन्या ही वसाहत १९८४ च्या हिवाळी ऑलिंपिकच्या निमित्ताने उभी राहिली होती. वेढ्यात ती आघाडीवर सापडली. शाळेपर्यंतचे उघडे मैदान ओलांडणे जिवावरचे झाले, तेव्हा शिक्षक ज्या इमारतीत राहत तेथील मुलांना जिन्यात आणि तळघरात बसवून शिकवू लागले. या शाळांना तेथे ‘जिन्यातील शाळा’ असेच म्हणत. आपण शिक्षिका आहात म्हणून हा तपशील मुद्दाम लिहितो. फळा कोठे लावायचा आणि कोणत्या पायरीवर कोणती इयत्ता बसवायची, हा विचार आपल्या मनात आधी येईल. मी मघाशी नळी आधी आणि माया नंतर असे लिहिले, त्या माझ्या विधानाला दोब्रिन्याचा जिना हा सरळ अपवाद आहे, हेही मान्य करतो. त्या जिन्याने कोणाला पाणी दिले नाही, ऊब दिली नाही. तरीही लोकांनी तो सर्वांचा करून टाकला.

नदीकाठच्या ग्रबाविचा भागाची कथा याच्या उलट आहे. युद्धकाळात तो भाग बोस्नियन सर्ब सैन्याच्या ताब्यात होता आणि युद्ध संपवणाऱ्या शांतता करारानुसार १९ मार्च १९९६ रोजी तो सारायेवोच्या बाजूला देण्यात आला. त्या आधीच्या आठवड्यांत तेथील बहुसंख्य सर्ब रहिवासी शहर सोडून गेले. जाताना अनेकांनी खिडक्यांच्या चौकटी, नळ, विजेच्या तारा उपटून नेल्या आणि कित्येक घरांना आगी लावल्या गेल्या. चार वर्षांपूर्वी हुसकावलेले लोक जेव्हा आपली घरे पाहायला आले, तेव्हा त्यांना मिळाला तो काँक्रीटचा खोका. काही घरांत स्फोटके दडवलेली असल्यामुळे दार उघडण्याचीही भीती होती. दुरुस्तीचे काम तळघरातील नळ आणि जिन्यातील वीज येथून सुरू करावे लागते, कारण त्या दोन्हींशिवाय वरच्या मजल्यावर गवंडी चढत नाही. हे मी कोठे वाचलेले नाही, आयुष्यभराच्या कामातून सांगतो.

प्रश्न : माझे वडील रझाकारांच्या काळात नळदुर्ग भागातून कुटुंबासह सोलापुरात आले आणि पोलीस कारवाईनंतर काही महिन्यांनी गावी गेले, तेव्हा आमच्या घरात दुसरेच कुटुंब राहत होते. तेही कोठून तरी हुसकावलेले होते, असे वडील सांगत. शेवटी आम्ही सोलापुरातच राहिलो. युद्धानंतर असा पेच पडला, तर घर खरे कोणाचे धरावे? (वय ८१, उत्तर कसबा, सोलापूर)

उत्तर : आपल्या वडिलांनी जे पाहिले, तो या विषयाचा सर्वांत कठीण भाग आहे. सोलापूर शहराने स्वतः बाँबहल्ला सोसला नाही. परंतु १९४७-४८ मध्ये निजामाच्या हद्दीतून जीव वाचवून आलेली पुष्कळ कुटुंबे या शहराने सामावून घेतली, आणि १३ सप्टेंबर १९४८ रोजी भारतीय सैन्याची मुख्य तुकडी याच शहरावरून हैदराबादकडे निघाली. पहिल्याच दिवशी तिने नळदुर्ग घेतले आणि पाचव्या दिवशी निजामाची शरणागती आली. त्यानंतर मराठवाड्यात अनेक ठिकाणी मुस्लिम कुटुंबांवर हल्ले झाले आणि त्यांनाही घरे सोडून पळावे लागले. त्याची चौकशी पंडित सुंदरलाल यांच्या समितीने केली. तिचा अहवाल कित्येक दशके लोकांसमोर आला नव्हता. आपल्या वडिलांच्या घरात राहणारे कुटुंब त्यांपैकी होते, की आणखी कोणी, हे आता कळण्याचा मार्ग नाही.

अशा पेचाला दोन प्रकारची उत्तरे दिली गेली आहेत. फाळणीनंतर भारताने आणि पाकिस्तानने ज्याचे त्याला घर परत देण्याचा नाद जवळजवळ सोडूनच दिला. निघून गेलेल्यांची घरे ‘कस्टोडियन’च्या, म्हणजे सरकारने नेमलेल्या राखणदाराच्या, ताब्यात गेली. आपल्याकडे त्यासाठी १९५० चा निष्क्रांत (म्हणजे निघून गेलेल्यांच्या) मालमत्ता प्रशासन कायदा झाला, आणि १९५४ च्या कायद्याने ती मालमत्ता एकत्र करून तिच्यातून इकडे आलेल्या निर्वासितांना भरपाई देण्याची व्यवस्था झाली. कल्याणजवळच्या लष्करी छावणीच्या रिकाम्या बराकींत सिंधी कुटुंबे येऊन राहिली आणि तिचेच पुढे उल्हासनगर झाले. या मार्गाने हिशेब लवकर मिटतो. परंतु परतीचे दार कायमचे बंद होते.

बोस्नियाने दुसरा मार्ग धरला. डिसेंबर १९९५ मध्ये पॅरिस येथे स्वाक्षऱ्या झालेल्या डेटन कराराच्या, म्हणजे वर उल्लेखलेल्या शांतता कराराच्या, सातव्या परिशिष्टात, प्रत्येक विस्थापिताला त्याचे तेच घर परत मिळण्याचा हक्क लिहिला गेला. कागदावर हे सोपे दिसते. प्रत्यक्षात सारायेवोच्या बहुतेक सदनिका कोणाच्या मालकीच्या नव्हत्याच. बोस्निया पूर्वी ज्या देशाचा भाग होता त्या युगोस्लाव्हियात कारखाना किंवा सरकारी संस्था कामगाराला सदनिका देई आणि त्याला तिथे आयुष्यभर राहण्याचा हक्क मिळे. तो हक्क पती-पत्नीत व मुलांत पुढे जाई, पण विकता येत नसे. सोलापुरातील गिरणीच्या चाळीत वाढलेल्यांना हा प्रकार अर्धामुर्धा ओळखीचा वाटेल. या हक्कात एक कलम असे होते की योग्य कारणाशिवाय सहा महिने घर बंद राहिले, तर तो काढून घेता येतो. शांततेच्या काळात हे कलम शहाणपणाचे होते. युद्धात त्याचे हत्यार झाले. निघून गेलेल्यांची घरे ‘सोडून दिलेली’ ठरवण्यात आली, आणि करार झाल्यावर लगेच सारायेवोच्या सरकारने देशात असलेल्यांना सात दिवस व परदेशातील निर्वासितांना पंधरा दिवस अशी मुदत दिली. त्या मुदतीत परत येऊन राहू लागला नाहीत, तर हक्क गेला. जर्मनीतील छावणीत असलेले कुटुंब डिसेंबरच्या अखेरीस पंधरा दिवसांत कसे परतणार होते, हा प्रश्न विचारण्याची त्या कायद्याला गरज वाटली नाही. सर्बांच्या ताब्यातील भागानेही आपल्या बाजूने तसेच कायदे केले.

त्यातून जी साखळी तयार झाली ती आपल्या वडिलांच्या अनुभवासारखीच होती. पूर्व बोस्नियातून हुसकावलेले मुस्लिम कुटुंब सारायेवोत एका सर्ब माणसाच्या सदनिकेत, तो सर्ब दुसऱ्या गावात एखाद्या मुस्लिमाच्या घरात, आणि त्या घराचा मालक तिसऱ्याच कोणाच्या घरात. पहिला उठल्याशिवाय दुसरा उठणार नाही, आणि प्रत्येकाला वाटे की आपण सर्वांत शेवटी उठावे. १९९८ मध्ये ते कायदे रद्द करावे लागले; तरीही अधिकारी फायली हलवेनात, तेव्हा ऑक्टोबर १९९९ मध्ये कराराच्या अंमलबजावणीवर देखरेख करणाऱ्या आंतरराष्ट्रीय उच्च प्रतिनिधीने दोन्ही बाजूंना सारखे नियम लादले आणि अडवणूक करणाऱ्या अधिकाऱ्यांना पदावरून काढले. नियम असे होते : दावा सिद्ध झाला की राहणाऱ्याला नव्वद दिवसांत जागा सोडावी लागेल, पण ज्याचे स्वतःचे घर दुसरीकडे शाबूत आहे आणि तरी तो परक्याच्या घरात बसला आहे, त्याला केवळ पंधरा दिवस मिळतील. कोणाचे घर आधी द्यावे यात दया किंवा जात-धर्म आणायचा नाही, अर्जाच्या तारखेचा क्रम पाळायचा, असेही पुढे ठरले. अशा सुमारे दोन लाख दाव्यांपैकी नव्वद टक्क्यांहून अधिक २००४ पर्यंत निकाली निघाले. माझ्या माहितीत एवढ्या मोठ्या प्रमाणावर तेच घर त्याच कुटुंबाला परत देण्याचे दुसरे उदाहरण नाही.

परंतु घर परत मिळणे आणि माणूस परत येणे या दोन निराळ्या गोष्टी निघाल्या. कित्येकांनी किल्ली घेतली, घर पाहिले, आणि ते विकून किंवा अदलाबदल करून जिथे दहा वर्षे काढली तिथेच राहणे पसंत केले. मुलांच्या शाळा, नोकऱ्या, म्हाताऱ्यांची औषधे सगळे तिथेच लागले होते. आपल्या वडिलांनीही सोलापूरच निवडले. फरक एवढाच की सारायेवोतील माणसाला विकायला काही तरी हातात होते.

दोब्रिन्यात तर याहून विचित्र प्रकार घडला. शांततेच्या वाटाघाटीत नकाशावर आखलेली देशाच्या दोन भागांमधील (एक सारायेवोकडचा, दुसरा सर्बांकडचा) सीमारेषा तेथील राहत्या इमारतींमधून गेली, काही ठिकाणी घरांमधूनच गेली. एका जिन्यावरच्या लोकांनी कोणत्या कचेरीत अर्ज करायचा, कोणत्या पोलिसाला बोलवायचे, हेच ठरेना. अखेर २००१ मध्ये लवादाने निकाल देऊन ती रेषा इमारतींच्या बाहेर नेली, तेव्हा त्यांचा जिना एका बाजूचा झाला.

प्रश्न : बोस्नियातील शेजाराला ‘कोमशिलुक’ असा खास शब्द आहे आणि शेजारी एकमेकांकडे कॉफीला जातात, असे वाचले. हा शब्द आपल्या भाषेच्या जवळचा आहे का? (महाविद्यालयीन विद्यार्थी, जुळे सोलापूर)

उत्तर : शब्द तुर्की आहे, ‘कोमशू’ म्हणजे शेजारी. बोस्निया चारशेहून अधिक वर्षे उस्मानी साम्राज्यात असल्यामुळे तुर्की, फारसी आणि अरबी शब्द तेथे मुरले, आणि दख्खनच्या सुलतानांमुळे त्यांपैकी फारसी-अरबी शब्द आपल्याकडेही आले. तेथे दुकानाला ‘दुचान’, मोहल्ल्याला ‘महाला’, बाजाराला ‘पाझार’ म्हणतात. सोलापूरकरांना आवडेल असा शब्द ‘चार्शाफ’. तो पलंगावरच्या चादरीचा आहे आणि आपल्या ‘चादर’ या शब्दाशी त्याचे मूळ एक आहे. वेढ्यात सारायेवोच्या चौकांत बंदूकधाऱ्याची नजर अडवण्यासाठी रस्ताभर चादरी आणि ब्लँकेटे टांगत. गोळी त्याने थांबत नसे, नेम मात्र चुके.

या शब्दाचे फार कौतुक करू नये, असे मला वाटते. मे १९९२ च्या अखेरीस प्रियेदोर गावात बिगर-सर्बांनी घरांवर पांढरे कापड लावावे असा हुकूम निघाला, आणि कोणत्या दारावर ते नाही हे शेजाऱ्यांनाच सर्वांत आधी दिसत होते. कोमशिलुक तेथेही होता. परतलेल्यांपैकी अनेक जण जिन्यात नमस्कार करतात. कॉफीला बोलावण्याची वेळ यायला मात्र पुष्कळ वर्षे जातात, काही दारांवर ती येतच नाही.

प्रश्न : हे सर्व दूरदेशीचे झाले. होटगी रोडवरील आमच्या पंचवीस वर्षांच्या इमारतीत युद्ध झालेले नाही, तरी लिफ्ट दोन वर्षे बंद आहे, गच्ची गळते, पाच सदनिकांना कुलूप आहे आणि त्यांचे मालक पुण्यात व परदेशात आहेत. त्यांच्या न्हाणीघरातील गळतीने खालच्या घराचे छत फुगले आहे. तळमजल्यावरील दोन सदस्य म्हणतात, आम्ही लिफ्ट वापरत नाही, आम्ही पैसे देणार नाही. काय करावे? (एक सचिव, होटगी रोड, सोलापूर)

उत्तर : आपले पत्र वाचताना मला सारायेवोची आठवण झाली, हे थट्टेने म्हणत नाही. तेथे १९९७ च्या कायद्याने सदनिका राहणाऱ्यांना विकल्या गेल्या आणि दाराच्या आतले सर्व खासगी झाले. पूर्वी जिना, लिफ्ट आणि छप्पर यांची काळजी घेणारी संस्था मागे हटली आणि दाराबाहेरचे कोणाचेच उरले नाही. त्यामुळे आतून नवी फरशी आणि बाहेर गोळ्यांची भोके तशीच, असे दृश्य तेथे बराच काळ दिसे.

आपल्याला प्रथम हे पाहावे लागेल की आपली इमारत महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० खाली नोंदवलेली सोसायटी आहे, की महाराष्ट्र अपार्टमेंट मालकी अधिनियम, १९७० खालची. सोसायटी असेल, तर आदर्श उपविधींनुसार लिफ्टच्या देखभालीचा व चालवण्याचा खर्च त्या इमारतीतील सर्व सदस्यांमध्ये समान वाटला जातो. कोण वापरतो आणि कोण नाही, याचा तेथे संबंध नाही. तळमजल्यावरील सदस्यांना हे कलम दाखवावे. अपार्टमेंट असेल, तर सामाईक भागांतील प्रत्येकाच्या अविभक्त हिश्श्याची टक्केवारी घोषणापत्रात दिलेली असते आणि खर्च त्या प्रमाणात वाटावा लागतो. त्या सदस्यांचा हिस्साही त्यात आहेच.

जमीन अजून बिल्डरच्या नावावर असेल, तर दुरुस्तीचे मोठे कर्ज किंवा पुढे पुनर्विकास यांपैकी काहीही सुरळीत होणार नाही. बिल्डर सही देत नसल्यास मानीव अभिहस्तांतरणासाठी, म्हणजे त्याच्या सहीशिवाय जमीन सोसायटीच्या नावे होण्यासाठी, जिल्हा उपनिबंधकांकडे अर्ज करता येतो. सदनिकांच्या मालकीविषयीच्या १९६३ च्या ‘मोफा’ कायद्यात २००८ मध्ये ही सोय झाली असली, तरी पुष्कळ सोसायट्या ती अजूनही वापरत नाहीत.

गच्चीचे काम लिफ्टच्या आधी करा. लिफ्टचे यंत्र वरच्या खोलीत असते आणि गच्ची गळत असेल, तर नवी मोटार पहिल्याच पावसाळ्यात ओली होईल. त्या पाच कुलूपबंद सदनिकांच्या मालकांना पत्र, ईमेल आणि व्हॉट्सअॅप अशा तिन्ही मार्गांनी एकाच तारखेला थकबाकीची नोटीस पाठवा, आणि त्याच पत्रात किल्ली कोणाकडे ठेवली आहे हेही विचारा. त्यांच्या न्हाणीघरातील गळतीने खालच्या घराचे छत फुगले असल्याचे आपण लिहिले आहे. ती नळी दुरुस्त करायची तर कोणाला तरी त्या दारातून आत जावे लागेल.